सगळे 'हो' म्हणाले की गाव सरकतं

तुमच्या वर्गाच्या ग्रुपवर शेवटचं 'मला हे पटत नाही' कुणी लिहिलं होतं, आठवतंय? आठवत नसेल तर जरा वर स्क्रोल करून बघा. बराच वेळ स्क्रोल करावं लागलं, तर पुढचं वाचाच. आणि लगेच सापडलं, तर ते लिहिणाऱ्याचं पुढे काय झालं तेही बघा. तो किंवा ती अजून ग्रुपमध्ये आहे का?

हा प्रश्न नीट समजून घ्यायला आज एका खोट्या जगात जायचंय. हो, शंभर टक्के खोट्या. नकाशावर नाही, इतिहासात नाही, कुणाच्या पुराणातही नाही. त्याचं नाव आउटलँड्स. पण या खोट्या जगाचा एक नियम इतका खरा आहे, की तो एकदा कळला की आपला ग्रुप, आपलं हॉस्टेल, आपली कॉलेजची गँग वेगळीच दिसायला लागते.

आधी थोडी ओळख. 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' हा खेळ १९७४ साली अमेरिकेत गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांनी काढला. चार-पाच दोस्त टेबलाभोवती बसतात. एक जण 'डंजन मास्टर' होऊन गोष्ट पुढे नेतो, बाकीचे त्या गोष्टीतली पात्रं होतात आणि वीस बाजूंचा फासा टाकून नशीब आजमावतात. 'स्ट्रेंजर थिंग्ज'मधली पोरं तळघरात बसून खेळतात ना, तोच हा खेळ. त्यांनी त्या भयानक प्राण्याला दिलेलं 'डेमोगॉर्गन' हे नावही इथूनच उचललेलं. 'बाल्डर्स गेट ३' खेळणाऱ्यांना तर वेगळं सांगायला नकोच.

या खेळाच्या विश्वात एकच जग नाही, अनेक आहेत. इंग्रजीत त्यांना 'प्लेन' म्हणतात. आपल्याकडे त्यासाठी आधीपासूनच नेमका शब्द आहे : लोक. इहलोक, परलोक, पाताळलोक यांतला 'लोक'. गंमत म्हणजे माणसांनाही आपण लोकच म्हणतो. ही गंमत लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

सोळा लोक आणि मधली जागा

या खेळात प्रत्येक पात्राचा स्वभाव दोन पट्ट्यांवर मोजतात. एक पट्टी भलं ते बुरं. दुसरी नियम ते स्वैरपणा. दोन्हीकडे मधली एकेक जागा. तीन गुणिले तीन, म्हणजे नऊ स्वभाव. सोशल मीडियावर नऊ चौकोनांचे मीम्स फिरतात, एका चौकोनात 'लॉफुल गुड' आणि एकात 'केऑटिक ईव्हिल', ते याच हिशेबातून आलेत.

आता विश्वाची रचना बघा. या स्वभावांचे सोळा लोक गोलाकार मांडलेत. एका बाजूला भलेपणाचे, समोर दुष्टपणाचे. एका अंगाला काटेकोर नियमांचे, दुसऱ्या अंगाला बेबंदपणाचे. मेकॅनस नावाच्या लोकात सगळीकडे प्रचंड दातेरी चाकं एकमेकांत अडकून फिरत असतात, कारण तो निव्वळ नियमांचा लोक. लिंबोमध्ये काहीच स्थिर नाही, कारण तो निव्वळ गोंधळाचा. डेमोगॉर्गनचं घर अबिसमध्ये, म्हणजे दुष्टपणा आणि बेबंदपणा जिथे एकत्र येतात तिथे. आणि या सोळांच्या बरोबर मधोमध सतरावी जागा. कुठल्याच टोकाची नसलेली. तेच आउटलँड्स.

ही रचना खेळात पहिल्यापासून हळूहळू वाढत गेली. १९८७ मध्ये जेफ ग्रब यांच्या 'मॅन्युअल ऑफ द प्लेन्स'नं तिला पुस्तकभर जागा दिली. पण तिच्यात खरा जीव आला १९९४ मध्ये. टीएसआर कंपनीनं डेव्हिड कुक यांनी रचलेलं 'प्लेनस्केप' बाजारात आणलं, आणि त्यातला मूळ नियमच वेगळा होता. या लोकांमधली जमीन दगडमातीची नाही, ती माणसांच्या विश्वासातून बनते. लोक जे मानतात, तसा लोक बनतो. आली ना गंमत कामाला?

आउटलँड्सच्या मध्यभागी एक सुळका आहे, स्पायर. त्याला अंत नाही असं म्हणतात. तरी त्याच्या टोकावर सिगिल नावाचं शहर आहे. अंत नसलेल्या सुळक्याला टोक कसं, असं विचारू नका. तिथल्या लोकांनाही ते माहीत नाही. शहर एखाद्या टायरसारखं गोल, आणि घरं टायरच्या आतल्या बाजूला. मान वर केली की आभाळाऐवजी दुसऱ्यांच्या घरांची छपरं दिसतात. सिगिलमध्ये देवांना प्रवेश नाही. आणि खाली, स्पायरच्या जसजसं जवळ जाल तसतशी जादू कमी होत जाते. अगदी पायथ्याशी तर भल्याभल्यांची शक्ती चालत नाही. म्हणजे मधोमध गेलं की कुणाचीच विशेष ताकद उरत नाही. समोरासमोर बसून बोलणं एवढंच हातात राहतं.

दारातली गावं

आता मुख्य गोष्ट. आउटलँड्सच्या कडेला सोळा गावं आहेत. प्रत्येक गावात एक दार आहे, आणि ते दार शेजारच्या एका लोकात उघडतं. ऑटोमाटा हे मेकॅनसच्या दारातलं गाव. झेऑस लिंबोच्या दारातलं; त्याचा बेबंदपणा इतका, की त्याच्या नावातली अक्षरंही जागा बदलत राहतात. प्लेग-मॉर्ट अबिसच्या दारातलं. होपलेस ग्रे वेस्टच्या, म्हणजे करड्या ओसाडीच्या दारातलं.

दार उघडं असलं की पलीकडची हवा येणारच. त्यामुळे प्रत्येक गावाला थोडा पलीकडचा वास असतो. यात काही वाईट नाही. तुमच्या कॉलेजमध्ये नाटकवाल्यांच्या ग्रुपला एक वास असतो, एनसीसीवाल्यांना वेगळा, स्पर्धा परीक्षावाल्यांना आणखी वेगळा. दार असणं हा गुन्हा नाहीच.

पण एक दिवस असा येतो, की गावातले सगळे शेजारच्या लोकासारखाच विचार करायला लागतात. तसेच बोलतात, तसेच हसतात, तशाच गोष्टींवर चिडतात. वेगळं कुणी उरतच नाही. मग ते गाव सरकतं. घरं, रस्ते, माणसं, सगळं आउटलँड्समधून निसटून त्या दारापलीकडच्या लोकात जाऊन पडतं.

इथे नीट लक्ष द्या. गावावर हल्ला झालेला नाही. बाहेरून सैन्य आलेलं नाही. कुणी शाप दिलेला नाही. गाव गेलं ते फक्त एका कारणानं : आतल्या सगळ्यांचं एकमत झालं.

भिती कशाची वाटायला हवी, याचं आपलं गणितच हा नियम उलटं करतो. आपल्याला शिकवलंय की भांडणांनी ग्रुप तुटतो. आउटलँड्सचा नियम सांगतो, भांडणं संपल्यावर गाव सरकतं.

ऑटोमाटाच बघा. नियमांचं गाव. सगळं आखीवरेखीव. पण त्याच गावाच्या पोटात, जमिनीखाली, नियम न जुमानणाऱ्यांचंही एक जग आहे. वरच्या शहाण्यासुरत्या मंडळींना ते खुपत असणार. मला मात्र वाटतं, गाव अजून आउटलँड्समध्ये टिकून आहे त्यात या खालच्यांचा वाटा मोठा आहे. ते नसते, तर ऑटोमाटा कधीच मेकॅनसचं आणखी एक दातेरी चाक झालं असतं. आपल्या ग्रुपमध्येही असा एक असतो, दर वेळी 'पण का?' विचारून मीटिंग लांबवणारा. त्याचा वैताग येतो. तरी गावाला जागेवर धरून ठेवणारा खिळा तोच असतो.

भल्यांचं काय?

इथवर वाचून कुणी म्हणेल, ठीक आहे, वाईट लोकांचं गाव वाईटाकडे सरकलं तर धोका. पण आमचा ग्रुप चांगला आहे. आमचं एकमत चांगल्या गोष्टीवर आहे. मग काय बिघडलं?

यावर 'प्लेनस्केप'मध्ये एक गोष्ट आहे, आणि ती मला या सगळ्या विश्वातली सर्वांत बोचरी गोष्ट वाटते.

सिगिल शहरात पंधरा तट आहेत. त्यातला एक हार्मोनियम. शहरात पोलिसांचं काम हेच लोक करतात. यांना हवी आहे शांतता. अगदी मनापासून. फक्त त्यांच्या मते शांततेचा मार्ग एकच : सगळ्यांनी आमच्यासारखा विचार करावा. यांनी आर्केडिया नावाच्या लोकात शिबिरं काढली. आर्केडिया म्हणजे शिस्त आणि भलेपणा यांचा सुंदर प्रदेश. या शिबिरांमध्ये वेगळ्या विचारांच्या, बेशिस्त लोकांना आणून 'सुधारायचं' काम सुरू झालं. हेतू काय? त्यांचं भलं व्हावं.

परिणाम काय झाला? आर्केडियाचा तिसरा थर, नेमॉसस, हाच्या हा थर सरकला. गाव नाही, थरच्या थर. आणि तो गेला मेकॅनसमध्ये, त्या दातेरी चाकांच्या लोकात. म्हणजे शिस्त राहिली, भलेपणा गळून पडला. माणसाला जबरदस्तीनं चांगलं करायला गेले, आणि हातात उरला फक्त नियम.

ही गोष्ट वाचली की काही ओळखीचे ग्रुप आठवतात. सुरुवात खरंच चांगल्या कामासाठी झालेली असते. झाडं लावायची, रक्तदान शिबिर घ्यायचं, कुणावर अन्याय झाला तर आवाज उठवायचा. हळूहळू कोण मनापासून आहे आणि कोण नाही, याची तपासणी सुरू होते. कुणी स्टेटस ठेवला नाही, कुणी रिअॅक्ट केलं नाही, कुणी 'थोडं थांबून विचार करूया' म्हटलं. मग त्याच्यावर शिक्का. काम तेच राहतं, घोषणा त्याच राहतात. पण आता लोक प्रेमानं नाही, धाकानं येतात. नेमॉसस असाच सरकला.

करड्या गावाचा रस्ता

मग सुरक्षित काय? गप्प बसणं? 'आपल्याला काय करायचंय, आपण न्यूट्रल' म्हणणं?

बऱ्याच जणांना आउटलँड्स म्हणजे हेच वाटेल. मधली जागा, कुठल्याच बाजूची नाही, म्हणजे गप्प राहणाऱ्यांची. पण या विश्वात गप्प बसण्याचाही एक वेगळा लोक आहे, आणि तो मधोमध नाही. तो दुष्टपणाच्या बाजूला आहे. करडी ओसाडी, ग्रे वेस्ट. तिथे रंग विरतात. राग येत नाही, आनंद होत नाही, कुणाचं काय झालं याचं काही वाटत नाही. 'जाऊ दे ना' हे तिथलं जणू राष्ट्रगीत. त्याच्या दारातल्या गावाचं नाव होपलेस आहे, ते उगाच नाही.

म्हणजे खेळ रचणाऱ्यांनी एक फरक स्पष्ट केलाय. मधे असणं वेगळं आणि नसल्यासारखं असणं वेगळं. आउटलँड्समधला माणूस मधे आहे, कारण तो सोळाही दारांकडे बघतो, ऐकतो, वाद घालतो आणि मग ठरवतो. होपलेसमधला माणूस बघायचंच बंद करतो. तुमच्या वर्गात एखाद्या मुलीची टिंगल चाललीय आणि तुम्ही 'दोन्ही बाजू असतात' म्हणून फोनमध्ये डोकं घातलं, तर तुम्ही मध्यावर नाही आहात. तुम्ही करड्या दाराच्या रांगेत उभे आहात.

जे निघून जातात

आता सर्वांत अवघड मुद्दा. एग्झिट.

एक साधा हिशेब करा. ग्रुपमध्ये दहा जण आहेत. सात एका मताचे, तिघांना शंका आहे. तिघे कंटाळून बाहेर पडतात. कुणाचंही मत बदललेलं नाही, कुणी कुणाला पटवलेलं नाही. तरी ग्रुपमध्ये आता शंभर टक्के एकमत आहे! उरलेल्या सातांना वाटतं, बघा, सगळ्यांना पटलं. गाव सरकायला याहून सोपा रस्ता नाही. सरकणाऱ्या गावातून शहाणी माणसं निघून जातात तेव्हा ती स्वतः वाचतात, पण जाता जाता गावाला एक धक्काही देऊन जातात.

म्हणून कुणीच बाहेर पडायचं नाही का? तसं अजिबात नाही. जिथे धमक्या येतात, घाणेरडं बोललं जातं, फोटो फिरवले जातात, रोज जाऊन मन खचतं, तिथून निघणं हाच शहाणपणा आहे. त्याबद्दल कुणाला सफाई द्यायची गरज नाही, आणि गरज पडली तर तक्रारही करावी. खिळा होऊन राहण्याची सक्ती कुणावरच नाही. पण खरं सांगा, आपण सोडलेल्या प्रत्येक ग्रुपमध्ये असा त्रास होता का? की फक्त एक वाक्य लिहायचा कंटाळा होता?

आणि हा प्रश्न निघून गेलेल्यांपेक्षा राहिलेल्यांना जास्त विचारायला हवा. माणूस गेल्यावर 'गेला तर गेला' म्हणून हसणारी स्माइली टाकणं सोपं असतं. तो का गेला, हे त्याला वेगळा मेसेज करून विचारणारे किती? गावाची जबाबदारी नुसती असहमत असणाऱ्यावर टाकून चालत नाही. 'नाही' म्हणता येईल अशी जागा ठेवणं हे 'हो' म्हणणाऱ्यांचं काम आहे.

सरकलेलं गाव परत येतं?

१९९९ मध्ये ब्लॅक आइल स्टुडिओजनं या विश्वावर 'प्लेनस्केप : टॉरमेंट' हा कॉम्प्युटर गेम काढला. आजही जुने गेमर त्याचं नाव आदरानं घेतात, कारण त्यात तलवारीपेक्षा बोलणं जास्त आहे. नायकाला नाव नाही, त्याला मरण नाही आणि त्याला आपलं जुनं काही आठवत नाही.

या गेममध्ये कर्स्ट नावाचं गाव येतं. कार्सेरीच्या, म्हणजे तुरुंगासारख्या एका लोकाच्या दारातलं. दगाफटका झालेल्यांचं आणि केलेल्यांचं, सूड उगवायला टपलेल्यांचं गाव. कुणाचा कुणावर भरवसा नाही. आणि गोष्टीत ते खरंच सरकतं, सबंध गाव कार्सेरीत जाऊन पडतं. रस्त्यावर झुंडी, लूट, जुने हिशेब चुकते करणं. नायक तिथे पोचतो तेव्हा त्याच्यापुढे फक्त एका शत्रूला मारायचं काम नसतं. गावात फिरून, एकेका माणसापाशी थांबून, एकेक अन्याय अडवून तो गोंधळ कमी करता येतो. मोठी जादू नाही. इथे एकाला वाचव, तिथे दोघांना समजाव. गाव विश्वासानं सरकलं, तर विश्वासानंच परत ओढता येतं, हा नियमाचा दुसरा अर्धा भाग.

कुणी म्हणेल, हे सगळं खेळातलं आहे. खऱ्या आयुष्यात भलं-बुरं असं नऊ चौकोनांत बसत नाही. बरोबर आहे. माणसांवर चौकोनांचे शिक्के मारणं ही या खेळाची कच्ची बाजूच आहे. पण आउटलँड्सची कल्पना त्याच चौकोनांना आतून धक्का देते. ती सांगते की कुठलंही गाव कायमचं अमुक चौकोनातलं नसतं. ते रोज, तिथल्या माणसांच्या रोजच्या बोलण्यातून, थोडं इकडे नाहीतर थोडं तिकडे जात असतं. २०२३ मध्ये 'विझर्ड्स ऑफ द कोस्ट'नं 'प्लेनस्केप' पुन्हा नव्यानं बाजारात आणलं, तेव्हाही ही दारातली गावं जशीच्या तशी मधोमध ठेवली. तीस वर्षांनीही ही कल्पना जुनी झाली नाही, याचं कारण आपल्या हातातल्या फोनमध्ये आहे.

तर करायचं काय? फार मोठं काही नाही. तुम्ही अॅडमिन असाल तर वाद पेटला की लगेच 'फक्त अॅडमिन मेसेज करू शकतील' हे बटण दाबू नका. दोन तास पेटू दे, शिव्या तेवढ्या अडवा. तुम्ही बहुमतात असाल तर आठवड्यातून एकदा तरी स्वतःला विचारा, माझ्याशी न पटणारा माझा शेवटचा दोस्त कोण? तुम्ही एकटे असाल तर लांबलचक भाषण नको, 'मला हे पटलं नाही, कारण...' एवढं एक वाक्य पुरे. आणि तुम्ही दुसऱ्या कुणाचं असं वाक्य वाचलंत आणि मनातून पटलं, तर त्याला गुपचूप पर्सनलवर 'बरोबर बोललास' म्हणू नका. तेच ग्रुपवर म्हणा. एकट्याचा खिळा निघतो, दोघांचा सहसा निघत नाही.

या विश्वातली आणखी एक गोष्ट सांगायची राहिली. गाव सरकून गेलं तरी दार तिथेच उरतं. काही काळानं त्याच्याभोवती पुन्हा झोपड्या उभ्या राहतात, बाजार भरतो, नवं गाव वसतं. विश्वाचं काही अडत नाही. दर जूनमध्ये कॉलेजातही नवी बॅच येते, नवा ग्रुप निघतो. दार कुणासाठी थांबत नाही. पण सरकलेल्या गावात आपले दोस्त होते, त्यांचं काय?

आज-उद्या तुमच्या ग्रुपवर कुणीतरी 'मला नाही पटत' असं लिहील. तुमचा अंगठा कदाचित हसऱ्या स्माइलीकडे जाईल. त्याआधी एकच शब्द टाइप करा.

'का?'

आणि उत्तर येईपर्यंत थांबा.